एकाच ताग्यातले शर्ट

आमच्याकडे सालदाराचं साल आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, सुरू होतं. वर्षभर शेतात राबणाऱ्या माणसाशी त्या दिवशी बोलणी पक्की होतात, आणि मालकाने त्याला कपडे करायचे असतात. चुलतभाऊ आणि मी हे कापड एकत्रच घेतो. एका वर्षी निळ्या चौकड्यांचा तागा आवडला. त्यातूनच त्याच्या सालदाराला आणि माझ्या सालदाराला शर्टाचं कापड फाडून घेतलं, एकाच शिंप्याने शिवलं. पाठमोरे दोघे जुळे दिसायचे. आम्ही त्यावरून त्यांची थट्टाही करायचो.

पुढच्या आखाजीला चुलतभावाचा सालदार त्याला सोडून गावातल्याच दुसऱ्या शेतकऱ्याकडे गेला. चुलतभावाला ते फार लागलं. त्याच हिवाळ्यात त्याच्या केळीच्या शेतातली मोटारीची केबल कोणीतरी कापून नेली.

आदल्या संध्याकाळी मी तापीकडच्या वाटेने घरी येत होतो. अंधारून आलं होतं. पुढे एक माणूस खांद्यावर गोणपाटाचं ओझं घेऊन चालला होता. मी हाक मारली नाही, त्याने मागे पाहिलं नाही. मी पाहिला तो फक्त निळ्या चौकड्यांचा शर्ट.

सकाळी विहिरीवर हवालदार आले, गाव जमलं. चुलतभाऊ सगळ्यांसमोर म्हणाला, "काल सांजले तू वाटवर व्हतास ना भाऊ? मंग सांग ना, कोन जाई ऱ्हायंता?"

हवालदारांनीही तेच विचारलं, वाटेने कोण जात होतं. मी शर्टाचं सांगायला हवं होतं. पण शर्ट म्हटलं की लोक विचारणार, तो तर तुझ्याही सालदाराकडे आहे. माझा सालदार त्या संध्याकाळी पाणी धरायला गेला होता आणि उशिरा परतला होता. केळीचे घड उतरायचे दिवस होते, त्याच्यावाचून माझं पान हलत नव्हतं. हे सगळं माझ्या डोक्यात एका क्षणात येऊन गेलं, आणि मी चुलतभावाच्या जुन्या सालदाराचं नाव घेतलं. हवालदारांनी विचारलं, "नक्की?" मी मान हलवली.

मनाची समजूत मात्र लगेच घातली. म्हटलं, आपला जबाब म्हणजे काही निकाल नाही. कोर्ट आहे, न्यायाधीश आहेत. ते विचारतील तेव्हा खरं सांगू.

केबल सापडली नाही. मी नाव घेतलेला तो सालदार पकडला गेला, जामिनावर सुटला, पण नव्या मालकाने त्याला ठेवला नाही. एक आखाजी तशीच गेली. तो मिळेल तिथे रोजाने जात राहिला. दुसरी आखाजी तोंडावर आली तेव्हा तालुक्याच्या कोर्टात आरोपातून मोकळं करावं हा त्याचा अर्ज सुनावणीला लागला. चुलतभाऊ म्हणाला, "चाल ना भाऊ, तू जोडे ऱ्हायना म्हंजे बरं." मी सोबत गेलो.

चुलतभाऊ सरकारी वकिलांकडे गेला आणि मी व्हरांड्यात एकटाच उरलो. तो माणूस जवळ आला. नेहमीसारखा वाकून नमस्कार केला. मी विचारलं, "आज काय आहे?"

"वकीलबाई म्हने, पुरावा नही ते केस आठेच सरी जाई. रनाळाना एक जन सालवर ठेवाले तयार शे, आबा. पन त्ये म्हने, पहिले केस मोडी ये."

म्हणजे केस इथेच संपली, तर रनाळे गावात त्याला साल मिळणार होतं. त्याने माझ्या जबाबाचा उल्लेखही केला नाही. कदाचित तेव्हा त्याला माहीतच नव्हता.

सरकारने दिलेली त्याची वकीलबाई तरुण होती, पण नेटाने बोलली. माल मिळालेला नाही, दुसरा साक्षीदार नाही, एका माणसाने अंधारात पाठमोरं पाहिलेलं, आणि फिर्यादी त्या साक्षीदाराचाच भाऊबंद. एवढ्यावर खटला चालवू नये, याला इथेच आरोपातून मोकळं करावं. मागच्या बाकावर मला वाटत होतं, आता न्यायाधीशसाहेब विचारतील, तो साक्षीदार कुठे आहे?

साहेबांनी विचारलं नाही. ते शांतपणे म्हणाले, "बाई, साक्षीदार खरा की खोटा, हे आज तोलायचं नसतं. ते पुराव्याच्या वेळी. आज जबाब आहे तसा खरा धरायचा आणि पाहायचं की आरोपाला काही आधार उरतो का. संशय नुसताच असता तर मी सोडलं असतं. पण इथे साक्षीदाराने ओळखलंय, नाव घेतलंय."

अर्ज फेटाळला. मग आरोप वाचून, समजावून सांगितला आणि त्याला विचारलं, गुन्हा कबूल आहे का? तो म्हणाला, "नही साहेब." आणि मागे वळून बाकांकडे पाहिलं. अर्ज फेटाळताना साहेबांनी साक्षीदाराचं नाव वाचलं होतं, ते माझं होतं.

ज्या कोर्टावर मी सगळं ढकललं होतं, त्याने माझा शब्द खरा धरून पुढचं पाऊल टाकलं होतं. मी उभा राहू शकलो असतो. चूक झाली, एवढं म्हणू शकलो असतो. मी चपला शोधत बसलो.

बाहेर लिंबाखाली त्याने मला गाठलं.

"आबा, तुम्ही मन्हं तोंड देखं व्हतं का?"

मी चुलतभाऊ येतो का ते पाहू लागलो.

"मंग नाव कसं लिधं?"

तेवढ्यात चुलतभाऊ आला. "काय रे, साक्षीदारले दम दी ऱ्हायना का?" तो मुकाट्याने बाजूला झाला. मी तेव्हाही म्हणालो नाही की याने दम दिलेला नाही.

त्याचं रनाळ्याचं काम गेलं. आखाजीला चुलतभावाबरोबर मी पुन्हा कापड घ्यायला गेलो. दुकानदाराने सवयीने एकच निळा तागा पुढे टाकला. मी माझ्या सालदारासाठी वेगळा रंग मागितला. चुलतभाऊ हसला, "काय व्हयनं रे तुले? एकच बरं ना, स्वस्तमां पडस." मी म्हटलं, कंटाळा आला निळ्याचा. एवढंच धैर्य माझ्यात होतं.

चुलतभावाचा तो जुना सालदार आता बायकोला घेऊन सुरतेकडे ऊसतोडीला जातो आणि कोर्टाच्या तारखेपुरता येतो. मी एकदा वकीलबाईंकडे जाऊन सगळं सांगितलं. त्यांनी समोरची फाईल मिटली. मग म्हणाल्या, "हे मला सांगून काय उपयोग, काका? साक्षीला उभे राहाल तेव्हा साहेबांसमोर सांगा."

समन्स अजून आलेलं नाही. गावात पोलिसाची मोटारसायकल दिसली की मी मनात वाक्य जुळवतो: मी शर्ट पाहिला, माणूस पाहिला नाही, आणि तसाच शर्ट माझ्या सालदाराकडेही होता. वाक्य लहान आहे. पण त्या दिवशी चुलतभाऊ समोर बसलेला असेल, आणि ते माझ्या तोंडून निघेल, असं अजून मला छातीठोकपणे म्हणता येत नाही.