सात लिंबं

“तीन मॅच हरले ना भाऊ, संपलं की,” पंचवटीच्या बाजारातला चहावाला समोरच्या भाजीवाल्याला चिडवत होता. चहावाल्याच्या टीव्हीवर सकाळी अमेरिकेतलं बास्केटबॉल लागायचं.

लिंबं निवडताना मला तो भाजीवाला अजून आठवतो. फायनलच्या सात सामन्यांची सात लिंबं तो मधे वेगळी ठेवायचा. सामना झाला की एक लिंबू बाहीला पुसून जिंकलेल्या टीमच्या बाजूला सरकवायचा. जिची चार आधी होतील, फायनल तिची, उरलेली विकायची.

मी रोज बघायचे, पण भाजीसुद्धा बोटानं दाखवूनच घ्यायचे.

त्या दिवशी त्याच्या टीमकडे एकच लिंबू होतं. “लय झालं, घ्या मावशी,” म्हणत त्यानं मधली तीन एका बाईंपुढे धरली.

“काका, ती विकू नका,” मी म्हणाले. “तिन्ही तुमची होऊ शकतात.”