वेतनपत्रकावरच्या सह्या

आमच्या विनाअनुदानित कॉलेजात विद्यापीठाची समिती यायची, त्याच्या आदल्या दिवशी सह्यांचा कार्यक्रम असायचा. मोठे बाबू वेतनपत्रक घेऊन स्टाफरूममध्ये बसायचे. प्रत्येकाने बारा महिन्यांच्या बारा सह्या, रेव्हेन्यू तिकिटावर, एका बैठकीत करायच्या. पगार एकाही महिन्याचा झालेला नसायचा. मग चहा आणि भजी. अनुदान आलं की सगळं मिळेल, असं संस्थेचे अध्यक्ष सांगायचे आणि आम्ही ते मानायचो. माझं घर नवऱ्याच्या मेडिकलवर चालत होतं, म्हणून मला मानणं सोपं होतं.

पहिल्याच वर्षी मी बाबूंना म्हटलं होतं, "एकाच पेनानं बारा सह्या? समितीला डोळे नाहीत का? दोन-तीन पेनं आणा, कुठं निळं, कुठं काळं."

बाबू खूश झाले. "मॅडम, तुम्ही इकडं कशाला आलात, आमच्या हापिसात पाहिजे होता."

तीन वर्षं तसंच चाललं. शेवटी मी आणि इतिहासाच्या सरांनी पगारासाठी खंडपीठात याचिका केली. बाकीचे म्हणाले, तुम्ही पुढं व्हा, आम्ही पाठीशी आहोत.

संस्थेचं उत्तर आलं तेव्हा वकिलांनी आम्हाला धाराशिवच्या ऑफिसात बोलावलं. सर तेर गावाहून एस.टी.नं आले. वकिलांनी कागद पुढं सरकवला. पगार रोखीने दिला आहे, सह्या वेगवेगळ्या महिन्यांत, वेगवेगळ्या पेनांनी केलेल्या आहेत, हाच त्याचा पुरावा, असं त्यात लिहिलं होतं.

"सह्या तुमच्याच?" वकिलांनी विचारलं.

"आमच्याच."

"मग शपथपत्रावर सांगावं लागेल, पैसे न घेता केल्या म्हणून. ते सांगितलं, तरच एवढी रोकड कुठल्या खात्यातून काढली हे त्यांना विचारता येईल. आणि या पेनांचं काय?"

सरांनी माझ्याकडे पाहिलं नाही. मी म्हटलं, "ते मी सुचवलं होतं."

वकिलांनी लिहिता लिहिता हात थांबवला. "हे लिहू?"

"लिहा."

"मॅडम," सर म्हणाले, "एवढं कशाला? समितीला फसवलं म्हणून उद्या केस केली तर? संस्था राहील बाजूला, आपणच लटकू. माझी सर्व्हिस पाच वर्षं राहिलीय."

"सर, पेनांचं नाही सांगितलं तर त्यांचा पुरावा तसाच उभा राहतो."

"तुमचं बरंय. मेडिकल आहे."

हे मला लागलं, पण खोटं नव्हतं. वकिलांनी मजकूर वाचून दाखवला. 'वेगवेगळी पेनं वापरण्याची सूचना माझीच होती', हे वाक्य ऐकताना माझे कान तापले. परीक्षेत मुलांना कॉपी करू नका म्हणून सांगणाऱ्या बाईचं हे शपथपत्र. मी नोटरीसमोर सही केली. सर घरी विचारतो म्हणाले आणि दुपारच्या गाडीने गेले. दोन दिवसांनी त्यांनी याचिकेतून नाव काढायला सांगितलं.

त्यानंतरच्या तारखेपर्यंत मी नीट जेवले नाही. कॉलेजात कुणी माझ्या शेजारी बसत नव्हतं. बाबू समोरून आले तर भिंतीवरची नोटीस वाचायला लागायचे. नवरा एकदाच म्हणाला, "अटकबिटक होते का गं यात?" मी म्हटलं, "माहीत नाही."

तारखेला संस्थेच्या वकिलांनी माझंच वाक्य वाचून दाखवलं आणि अशा बाईवर विश्वास कसा ठेवायचा, असं विचारलं. न्यायमूर्तींनी ऐकून घेतलं. मग म्हणाले, ठीक आहे, त्या महिन्यांचे बँकेचे उतारे दाखल करा. संस्थेच्या वकिलांनी मुदत मागितली. चार आठवड्यांची मिळाली.

संध्याकाळी सरांचा फोन आला. बातमी त्यांच्यापर्यंत पोचली होती.

"मॅडम, आता उतारे येणारच म्हणता. माझं नाव परत घालता येईल का?"

"येईल की नाही ते वकील सांगतील. पण आधी सह्यांचं लिहून द्यावं लागेल."

"सगळं?"

"सगळं."

त्यांनी घरात कुणाला तरी सकाळच्या गाडीची वेळ विचारली. मग म्हणाले, "उद्या कितीला येऊ?"

"अकराला," मी म्हटलं. "आधार कार्ड आणा."