शेवटचा ए तीनदा

आधी माफी मागतो. आमच्या घरात लिहिण्याचं काम म्हणजे लग्नात मांडवाच्या दाराशी बसून आहेर लिहिणं. ते माझ्याकडे येतं, कारण माझं अक्षर बरं आहे आणि मी कॉलेजात जातो. त्यापलीकडे आपण काही लिहावं आणि ते दुसऱ्यांनी वाचावं, एवढा माझा अधिकार आहे की नाही, मला खरंच माहीत नाही. आमच्यात कॉलेजची पायरी चढलेला मीच पहिला. त्यामुळे मला बरंच काही येतं असं लोक धरून चालतात, आणि कधीकधी मलाही तसं वाटायला लागतं. हे लिखाण तशाच एखाद्या दिवशी सुरू झालं असणार. चुकलं तर सांभाळून घ्या.

सांगायचं आहे ते माझ्या पुतणीच्या नावाच्या स्पेलिंगबद्दल. नाव मात्र इथं सांगणार नाही. कुणाचंच सांगणार नाही, असं वहिनीला कबूल केलं आहे. मराठीत ते दोन अक्षरांचं साधं नाव आहे. इंग्रजीत ते आठ अक्षरांचं कसं झालं आणि ते आम्हाला इतकं का आवडतं, एवढंच सांगतो. ते सांगायचं तर ताईपासून सुरुवात करावी लागेल.

ताई माझ्याहून सहा वर्षांनी मोठी. ती बारावीपर्यंत शिकली आणि पुढे मला शिकवायचं तिनंच ठरवलं. कॉलेजच्या प्रवेशाच्या वेळी माझ्याबरोबर तीच आली होती. मी खिडकीसमोर गप्प उभा राहायचो आणि ती बोलायची. दीड वर्षापूर्वी तिनं तिच्या ऑफिसातल्या एका मुलाशी लग्न केलं. मुलगा येरवड्याचा, आमच्या जातीतला नाही. आबांनी त्या दिवसापासून तिचं नाव घेणं सोडलं. रागावले नाहीत, ओरडले नाहीत, फक्त नाव घेणं बंद. कुणी घेतलं तर उठून गाईला पाणी दाखवायला जायचे. आमची गाय त्या दीड वर्षात पाणी पिऊन पिऊन कंटाळली असेल.

दादाला मुलगी झाली तेव्हा वहिनीनं दवाखान्यातून पहिला मेसेज कुणाला केला असेल, तर ताईला. ताईला आनंद आवरेना. या दोघी नणंद-भावजयी ताईच्या लग्नाआधी एकाच ताटात जेवायच्या, आणि मुलगी झाली तर कोणतं नाव ठेवायचं हे त्यांनी केव्हाच ठरवलं होतं. ताईनं उत्तरात तेवढं नाव पाठवलं. बाकी काही नाही, नुसतं नाव, आणि शेवटचा ए तीनदा. लांबून कुणाला हाक मारताना आपण शेवटचा स्वर ताणतो, तसा.

वहिनीला वाटलं, हेच स्पेलिंग. आत्यानं पाठवलंय, तर तसंच असणार.

आता आमच्यात एक रीत आहे. बारशाला आत्यानं बाळाच्या कानात नाव सांगेपर्यंत ते नाव कुणी मोठ्यानं उच्चारायचं नाही. बाळानं ते पहिल्यांदा आत्याच्या तोंडून ऐकायचं. इतर घरांत एवढं कडक असतं की नाही, माहीत नाही. आबांच्या घरात असतं. पण नाव तर ठरलं होतं, सगळ्यांना आवडलं होतं आणि बोलल्याशिवाय कुणाला राहवत नव्हतं. शेवटी आईनंच तोड काढली. ती म्हणाली, "इंग्रजीत म्हणलं तर काय हुतंय? ती अक्षरं हायत, नाव थोडंच हाय."

आबांनी विचार करून मान डोलावली. माझ्याकडे बघून म्हणाले, "कालेजवाल्या, तुझं काय म्हणणं?"

मी म्हणालो, "चालेल बहुतेक."

झालं. त्या दिवसापासून आमच्या घरात बाळाला अक्षरांनी हाक मारायला सुरुवात झाली. दादा कामावरून आला की दारातूनच आठ-आठ अक्षरं ओरडायचा. तेव्हा खरं तर सातच होती. वहिनी अक्षरांची अंगाई करायची. आबा चौथी शिकलेले. त्यांना इंग्रजी अक्षरं माझ्याकडून पाठ करून घ्यावी लागली. ते धार काढताना म्हणायचे, उसाला पाणी सोडताना म्हणायचे, पाढे म्हणावेत तसे, शेवटी जोर देऊन, "ए, ए, ए!" बांधावरून जाणारे लोक थांबून बघायचे. कुणाला तरी वाटलं, आबांनी साखर कारखान्याच्या नोकरीला अर्ज केलाय आणि इंग्रजीची तयारी चाललीय.

आठवं अक्षर आईमुळे आलं. बाळाला लस टोचायला ती आणि वहिनी दवाखान्यात गेल्या, मी रिक्षा बघायला बरोबर होतो. नर्सबाईंनी कार्ड पुढं ओढलं आणि विचारलं, "बाळाचं नाव?"

आई एका दमात अक्षरं म्हणायला लागली.

"अहो आजी, स्पेलिंग मी करते. नाव सांगा फक्त."

"नाव सांगता येत न्हाई. अजून तिच्या कानात पडलं न्हाई."

नर्सबाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी खाली बघितलं. त्या म्हणाल्या, "बरं, म्हणा पुन्हा. सावकाश." आईनं पुन्हा म्हटलं आणि मधे एक एच घातला. मी हळूच सांगितलं, "आई, एच नाही त्यात." ती म्हणाली, "असू दे. एच असला की नाव भारदस्त वाटतं. तुझ्या कालेजच्या पाटीवर किती एच हायत बघ." तोवर कार्डावर एच उमटला होता. घरी आल्यावर मी तो काढू या म्हणालो, तर वहिनी म्हणाली, "सासूबाईंनी दिलेलं अक्षर मी काढू व्हय? राहू द्या भाऊजी. तिला जन्मभर पुरेल."

मी ते स्पेलिंग वहीच्या समासात लिहीत बसायचो. कॉलेजात माझ्या शेजारी पेठेतला एक मित्र बसतो. त्यानं एकदा वाकून पाहिलं. "हे काय आहे? वायफायचा पासवर्ड?"

"पुतणीचं नाव आहे."

"छान आहे. एखादा आकडा टाका, म्हणजे स्ट्राँग होईल."

मला राग यायला हवा होता, पण इतकं हसू आलं की सरांनी दोघांनाही बाहेर काढलं. बाहेर कठड्यावर बसून मी त्याला तीन ए कुठून आले ते सांगितलं. त्यानं बोटांवर तिन्ही ए मोजले. मग म्हणाला, "आमच्याकडे नाव ठेवताना तीन पिढ्यांचे वाद होतात. असं आनंदात कुणाचं बोट कधी घसरलं नाही."

तेव्हा मला पहिल्यांदा कळलं की मला ते स्पेलिंग का आवडतं. चुकीचं आहे, मान्य. पण कुठंतरी लांब, येरवड्याच्या एका खोलीत, ताई फोन हातात धरून किती खूश झाली होती, ते त्या तीन अक्षरांत जसंच्या तसं राहिलं होतं.

आणि घरात ताईच नव्हती. अडलं होतं ते तिथंच. बारसं बाराव्या दिवशी व्हायचं, ते झालं नाही. आबा म्हणाले, सव्वा महिन्यानं करू. सव्वा महिना झाला, तर म्हणाले, तिसऱ्या महिन्यात करू. कारण आबांनाच रीत मोडवत नव्हती. आत्या पाहिजे, आणि आत्याचं नाव घ्यायचं नाही. घरात दोन पोरींची नावं तोंडाबाहेर निघत नव्हती, एकीचं अजून ठेवलं नव्हतं म्हणून आणि एकीचं टाकलं होतं म्हणून. ताई मला रोज विचारायची, "बारसं कधी?" मी म्हणायचो, "ठरतंय." ती म्हणायची, "मला नका बोलवू. पण झालं की फोटो पाठव." आणि पटकन फोन ठेवायची.

मधेच दादानं एक उद्योग केला. तो आमच्या मांजरी गावाहून भाजीचा टेंपो चालवतो. त्यानं हडपसरला जाऊन टेंपोच्या मागच्या फळ्यावर लेकीचं नाव रंगवून घेतलं. लिहिलं तर चालतं, बोललं तर नाही, असा त्यानं स्वतःच निकाल लावला होता. पेंटरनं पहिली पाच अक्षरं मोठी काढली आणि मग फळा संपत आला. "शेट, एक ए कमी करू का?" दादा म्हणाला, "एकही कमी करायचा न्हाई." म्हणून शेवटचे तीन ए वर चढत जाऊन कोपऱ्यात एकमेकांवर रेललेत. त्यामुळे बाळानं स्वतःचं नाव ऐकायच्या आधी अर्ध्या हडपसरनं ते वाचलं. सिग्नलला मागचे लोक हॉर्न वाजवायच्या ऐवजी ओठ हलवून वाचत बसायचे.

दादा ताईशी बोलत नव्हता. आबांना भिऊन, असं मला वाटायचं. पण एका सकाळी ताईचा फोन आला, हसण्यानं तिला बोलता येत नव्हतं. "अरे बारक्या, आमच्या गल्लीच्या तोंडाशी दादाचा टेंपो उभा आहे! मागची बाजू घराकडं करून! तो खाली उतरेना, वर बघेना, नुसता बिडी ओढत बसलाय!"

"मग तू जा ना खाली."

"मी गॅलरीत उभी राहून वाचतेय. अरे, तीन ए लिहिलेत! तो तिसरा आणि दुसरा माझ्या बोटाचा आहे रे, मी आनंदात दाबला होता! तुम्ही सगळे खुळे आहात का?"

मी म्हणालो, "हो." तिचं हसणं मधेच थांबलं. म्हणाली, "गेला टेंपो." दादानं संध्याकाळी घरी काही सांगितलं नाही. मीही विचारलं नाही.

तिसरा महिना लागला तेव्हा आबा बदली आत्या शोधायला निघाले. मी त्यांच्याबरोबर मोटारसायकलवर मागे. आधी माझ्या चुलत बहिणीकडे गेलो, ती मांजरीतच दिली आहे. तिनं चहा टाकला, सगळं ऐकलं आणि म्हणाली, "काका, नाव सांगितल्यावर आत्याच्या पाठीत धपाटे घालतात. सख्खी असताना ते मी का खाऊ? आणि बायका काय नुसते लाडानं घालणार हायत का? मोजून घालतील."

आबा चहा न पिता उठले. मग थोरल्या आत्याकडे गेलो, म्हणजे आबांच्या बहिणीकडे. आम्हा तिघा भावंडांची नावं तिनंच ठेवलेली. ती ओसरीवर शेंगा फोडत बसली होती. आबांनी उभ्यानंच विषय काढला.

"मी आजी लागते रं त्या पोरीची," आत्या म्हणाली. "आजीनं कानात सांगितल्यालं ऐकलंयस कुठं?"

"अडचण हाय म्हणून आलो."

"कसली अडचण? तुझ्या लेकीच्या कानात मी सांगितल्यालं नाव तू दीड वर्ष घेत न्हाईस. ते सांगितल्यालं पुसलं गेलं का? मग आता नवं ठिवायला मला बोलवू नगंस. ह्याचं बी उद्या पुसशील."

आत्यानं मूठभर शेंगदाणे माझ्या हातावर ठेवले आणि पुन्हा शेंगा फोडायला लागली. परतताना रस्ताभर आबा अक्षरंही म्हणत नव्हते. मला वाटलं, आता बारसं काही होत नाही. पोरगी शाळेत जाईल आणि मास्तरांनी नाव विचारलं की आठ अक्षरं म्हणून दाखवील.

दुसऱ्या दिवशी आबांनी मला गोठ्यात हाक मारली. विचारलं, "त्या शेवटच्या तीन ए-चा आवाज तर एकच यतो न्हवं?"

"हो."

"मग बाकीचं दोन कशाला?"

मला खोटं बोलता येत नाही, निदान आबांशी येत नाही. मी म्हणालो, "आबा, ते ताईनं टाकलेत. दादाला पोरगी झाल्याचं तिला कळलं तेव्हा. नाव तिनंच सुचवलंय."

आबांनी गाईकडे पाहिलं. मी वाट बघत राहिलो की आता बादली उचलतील. त्यांनी उचलली नाही. म्हणाले, "तुझी बस जाईल. जा."

मी गेलो. तास कुठला होता तेही आठवत नाही. घरी काय चाललं असेल, याच्या मी नको त्या कल्पना करत होतो: आबा टेंपोचा फळा पुसायला लावतील, कार्ड फाडतील, वहिनी रडत असेल. दुपारी फोन थरथरला. ताई होती. मी वर्गातून बाहेर आलो, मित्रही मागोमाग आला.

"बारक्या," ती म्हणाली आणि पुढं नुसता श्वास ऐकू आला.

"काय झालं? बोल ना!"

"आबांचा फोन आला होता."

"काय म्हणाले?"

"आधी नुसतं खाकरले. मग म्हणाले, ऐक, चुकलं तर सांग. आणि सगळी आठ अक्षरं म्हणून दाखवली. एच जरा जास्तच जोरात म्हटला. मी म्हटलं, बरोबर आहे, आबा. मग किती वेळ तसेच गप्प. मला वाटलं, ठेवला फोन. तर माझं नाव घेतलं. आणि म्हणाले, रविवारी ये, पोरीच्या कानात सांगायचं हाय, लई दिस खोळंबलीय."

मी कठड्यावर बसलो. मित्र मला हातवारे करून विचारत होता, काय झालं, काय झालं.

"आणि ऐक ना," ताई म्हणाली. आता ती हसत होती की रडत होती, मला सांगता येणार नाही. "ठेवता ठेवता म्हणाले, जावयांना इचार, बारशाच्या घुगऱ्या चालत्यात का. त्याला ‘जावई’ म्हणाले आबा, बारक्या! घुगऱ्या कुणाला चालत नाहीत रे?"