करुणाताईची पाटी

करुणाताई खोब्रागडे कुठल्याही रिकाम्या खोलीत शिरली की आधी जोरात टाळी वाजवायची. घरमालक दचकायचा. ती मात्र मान वाकडी करून, आवाज भिंतींवरून परत येतो का ते ऐकत उभी राहायची. मग छताकडे बघायची आणि बहुतेक वेळा मला म्हणायची, "चाल रे. इथं लाईट डोक्याले लागते अन् आवाज कानाले."

तुमसरात फोटोवाले होते, पण व्हिडिओसाठी धड स्टुडिओ नव्हता. ताईला तो काढायचा होता आणि दारावर स्वतःचं पूर्ण नाव लावायचं होतं. लग्नांच्या शूटिंगमधला तिचा जोडीदार म्हणून मीही जागा बघत हिंडायचो. एकदा बाजारातल्या एका सेठजींचा पहिल्या मजल्यावरचा हॉल सापडला. उंच छत, मध्ये एकही खांब नाही, उत्तरेला मोठ्या खिडक्या. टाळी वाजली आणि ताईचा चेहराच खुलला. सेठजींनी नाव विचारलं, तिने पूर्ण सांगितलं. सेठजी पंख्याकडे बघत म्हणाले,

"पाटीवर फक्त 'करुणा स्टुडिओ' लिहा, मॅडम. आडनाव कायले पाह्यजे? गिऱ्हाईक कसं असते, तुमाले तं माहीतच आहे."

आमच्या आजोबांच्या पिढीनं बौद्ध धम्म घेतला. तेव्हापासून असं अर्धवट बोलणं आम्हाला पूर्ण समजतं. ताई कसली ऐकून घेते! "नाव अर्धं लिहाचं, तं भाडं पण अर्धंच घेता का?" म्हणाली आणि जिना उतरू लागली.

"ताई, एवढी चांगली जागा घालवली," मी खाली आल्यावर कुरकुरलो.

"मी नाही घालवली, त्यानं घालवली. तू काहून तोंड पाडून राहिला?"

मग हट्टाने तिने चालू राइस मिलच्या मागचं पत्र्याचं गोदाम घेतलं. तिथे टाळी घुमतच राहिली. ताईने मिलमधला जुना बारदाना मागून आणला, पोती उसवून भिंतीभर टांगली, तेव्हा कुठे आवाज बसला. मिलच्या धडधडीला मात्र इलाज नव्हता. म्हणून गाण्यांचं रेकॉर्डिंग तिने बुधवारी ठेवलं. त्या दिवशी भारनियमनात वीज जायची, मिल थांबायची आणि आमचे गायक बॅटरीवरच्या माइकसमोर उभे राहायचे. "लाईन गेली का सारं गाव बोंबलते, आपुन गाणं लावतो," ती म्हणायची. कोंड्याच्या धुळीने एक लेन्स खराब झाली, ताईला खोकला जडला, पण दारावर पूर्ण नाव होतं. लाखांदूरहूनसुद्धा लोक येऊ लागले.

एक दिवस त्या सेठजींची सूनच बाळाचे फोटो काढायला आली. पाठोपाठ सेठजींचा निरोप आला. हॉल रिकामाच आहे, पूर्ण नाव लिहा, पण या.

मी भडकलो. "अजिबात जाऊ नको, ताई! आता नाक घासत आला."

"काहून नको जाऊ? चूक सेठजीनं केली. हॉलनं माह्यं काय बिघडवलं?"

आणि ती गेली. पाटी मात्र तिने सज्ज्याएवढी लांब करून घेतली. नाव बसस्टँडवरूनही वाचता यायचं. ती लावताना सेठजी वर आले आणि पाटी या टोकापासून त्या टोकापर्यंत बघत म्हणाले, "मॅडम, एवढी मोठी काहून?"

"पहिल्या बारीले तुमाले अर्धंच नाव दिसलं होतं, सेठजी. म्हून अक्षरं मोठी केली."

ताई मागच्या उन्हाळ्यात वारली. मला तिची फार आठवण येते. मी आता पुण्यात एका स्टुडिओत कॅमेरा चालवतो. कुणी माझं नुसतं पहिलं नाव लिहून पुढे जायला लागलं की मी त्याला थांबवतो, आणि त्याने न विचारताच, खणखणीत आवाजात आडनाव सांगतो.