अंबिका राऊळ आणि फ्लॅश पॉइंट

छप्पन सालच्या जानेवारीत मुंबई केंद्राच्या ताब्यात जाणार असं रेडिओवर जाहीर झालं आणि लालबाग-परळची माणसं रस्त्यावर आली. गोळीबार झाला, कर्फ्यू लागला. गिरण्या बंद, दुकानं बंद, कोळशाच्या वखारीला कुलूप. अंबिका राऊळ यांच्या खोलीतली शेगडी थंड पडली होती आणि स्टोच्या टाकीत घासलेटचा थेंब नव्हता.

खोलीत माणसं तीन. अंबिकाबाई, नवरा लवकर गेलेल्या, खानावळ चालवून मुलाला वाढवलेल्या. मुलगा रघू, गिरणीत साचेवाला. आणि सून लक्ष्मी. लग्नाला चार वर्षं झाली तरी लक्ष्मीला मूल नव्हतं, आणि अंबिकाबाईंची जीभ तिखट. गॅलरीत उभं राहून त्या सुनेला जे बोलायच्या ते शेजारपाजारच्या सगळ्या खोल्यांत ऐकू जायचं. आत आल्यावर त्याच तिच्या डोक्याला तेल चोळून द्यायच्या, ते मात्र कुणाला दिसायचं नाही.

कर्फ्यू थोडा वेळ उठला तेव्हा रघू बाहेर पडला आणि हातात पत्र्याचा डबा घेऊन परतला. वडाळ्याच्या यार्डाकडे कुणी माणूस हातगाडीवर घासलेट विकत होता. लक्ष्मी हरखली. तीन दिवसांत घरात चहा झाला नव्हता.

सकाळी तिने स्टो भरला. रघू खाली नाक्यावर काय चाललंय ते बघायला गेला होता. अंबिकाबाई गॅलरीत तांदूळ निवडत होत्या. आतून पंप मारल्याचा आवाज आला, मग मोठा फक्क असा आवाज, आणि मग लक्ष्मीची किंकाळी. अंबिकाबाई धावल्या. गोधडी टाकून त्यांनी तिला कवटाळलं, त्यात त्यांचे दोन्ही हात कोपरापर्यंत भाजले.

लक्ष्मी हॉस्पिटलात दोन दिवस जगली. पोलिसांनी विचारलं तेव्हा तिने एवढंच सांगितलं, "स्टो भडकला."

चाळीत कुणी यावर विश्वास ठेवला नाही. भाजलेली प्रत्येक सून तेच सांगते, असं शेजारची बकुळा म्हणाली. अर्ध्या बायकांचं मत पडलं की सासूच्या जाचाला कंटाळून पोरीने स्वतःला पेटवून घेतलं. उरलेल्यांना त्याहून वाईट काही वाटत होतं. लक्ष्मीचा बाप धोंडू मेस्त्री प्रभादेवीला राहायचा. स्मशानात त्याने अंबिकाबाईंच्या बँडेज बांधलेल्या हातांकडे बघितलं आणि तोंड फिरवलं.

कोरोनरच्या कोर्टात चौकशी झाली. चाळीतलं कुणी गेलं नव्हतं, मायलेक दोघंच. तेल कुठून आणलं, असं विचारलं तेव्हा रघू म्हणाला, "दुकानं बंद होती. रस्त्यावर घेतलं." कुणी घेतलं, हे कुणी विचारलं नाही. पोलिसांनी जप्त केलेल्या डब्यातलं उरलेलं तेल तपासायला गेलं होतं, त्याचा अहवाल साहेबाने इंग्रजीत वाचला. अपघाती मृत्यू, असा निकाल झाला. बाहेर पडताना दारावरच्या शिपायाने अंबिकाबाईंना सांगितलं, "सुटलात बाई. फ्लॅश पॉइंट लो निघाला."

"म्हणजे काय रे?" त्यांनी रघूला विचारलं.

रघू पुढे चालू लागला. त्याचा चेहरा राखेसारखा झाला होता.

अंबिकाबाईंनी आपल्या मनाने अर्थ लावला. चाळीत नुकतीच वीज आली होती, खोलीत एक दिव्याचा पॉइंट होता. स्टोलाही बर्नर असतो, पिन असते, वायसर असतो, तसा एक पॉइंट असणार. लो म्हणजे खाली. तो खाली घसरला आणि स्टो भडकला. त्यांनी तो काळा पडलेला स्टो उचलून भंगारवाल्याला दिला आणि पुन्हा दुसरा घरात आणला नाही.

तेव्हापासून त्या तो शब्द सगळ्यांना सांगू लागल्या. नळावर, रेशनच्या रांगेत, हळदीकुंकवाला गेल्या तर तिथे, हात पुढे करून सांगायच्या, "कोर्टान सांगल्यान. स्टोचो फ्लॅश पॉइंट लो होतो." बायका मान हलवायच्या आणि त्यांची पाठ वळली की एकमेकींकडे बघायच्या. मुलं त्यांना फ्लॅशपॉइंट आजी म्हणू लागली.

सगळ्यात जास्त वेळा त्या हे रघूला ऐकू जाईल असं सांगायच्या. कारण रघू बोलत नव्हता. पाळी संपवून यायचा, जेवायचा, भिंतीकडे तोंड करून पडायचा. आईकडे त्याने डोळे उचलून बघितलं नव्हतं. अंबिकाबाईंना वाटायचं, हाही आपल्यालाच दोषी धरतोय. चाळ काय म्हणते त्याचं त्यांना एवढं नव्हतं. पण पोटच्या पोराच्या मनात तोच संशय असेल तर?

पहाटे चाळीतले सगळे स्टो पेटायला लागायचे. एका खोलीत पंप, मग दुसऱ्या, मग सगळीकडून तो सूं असा आवाज. अंबिकाबाई तेवढा वेळ गॅलरीच्या टोकाला जाऊन कठडा धरून उभ्या राहायच्या. भिंतीवरचा काळा डाग चुना मारला तरी आठ दिवसांनी पुन्हा वर यायचा. कधी दुपारी डोळा लागला की लक्ष्मी आत भांडी घासतेय असं वाटायचं, इतकं खरं की त्या झोपेतच तिला रागवायच्या, "गो, हळू आपट." आणि मग स्वतःच्याच आवाजाने जाग्या व्हायच्या. आपण तिला काय काय बोललो हे आठवत बसायच्या. त्या सकाळी काही बोललो होतो का? पंप मारायच्या आधी? ते काही केल्या आठवत नव्हतं, आणि आठवत नव्हतं म्हणूनच भीती वाटायची.

चाळीत तळमजल्यावर जयवंत नावाचा तरुण राहायचा. माहुलला नवीन तेलाची रिफायनरी निघाली होती, तिथल्या प्रयोगशाळेत तो कामाला होता. एकदा जिन्यात अंबिकाबाईंचं ते नेहमीचं वाक्य त्याच्या कानावर पडलं आणि तो थांबला.

"काकी, स्टोचा फ्लॅश पॉइंट नसतो."

"नसता कसो? कोर्टात वाचल्यानी."

"वाचला असेल. पण तो स्टोचा नाही. आमचं रोजचं कामच आहे ते." तो जरा घुटमळला. "बघायचंय तुम्हाला? पुढच्या रविवारी घरच्या माणसांना आत सोडणार आहेत. माझी आई गावी आहे. तुम्ही चला."

अंबिकाबाई ठेवणीतलं लुगडं नेसून गेल्या. चिमणीच्या टोकावर भर दिवसा ज्योत जळत होती, तिच्याखालून त्या मान खाली घालून गेल्या. प्रयोगशाळेत जयवंतने त्यांना स्टुलावर बसवलं आणि एक झाकणाचं पितळी भांडं पुढे ठेवलं. आत घासलेट, त्यात थर्मामीटर, बाहेरून गरम पाणी. झाकणाला छोटी खिडकी आणि तिच्याशी ज्वारीच्या दाण्याएवढी ज्योत.

"आता बघा. तेल हळूहळू तापतंय. मध्ये मध्ये मी ही ज्योत आत दाखवतो."

त्याने खिडकी उघडली, ज्योत आत बुडवली, बंद केली. काही झालं नाही. पुन्हा. काही नाही. बऱ्याच वेळाने खिडकीशी एक निळी चमक झाली, फक्क असा बारीक आवाज आला आणि ती विझली. अंबिकाबाईंनी स्टुलाची कड घट्ट धरली.

"हा फ्लॅश पॉइंट," जयवंत म्हणाला. "तेल पेटलं नाही, काकी. तेल तापलं की त्याची वाफ वर जमते. ठिणगी मिळाली तर ती वाफ पेटावी एवढी जिथे जमते, तेवढ्या उष्णतेला फ्लॅश पॉइंट म्हणायचं. घासलेटचा तो वरचा असावा लागतो, म्हणून ते घरात चालतं. पेट्रोलचा एवढा खाली की त्याला तापवायलाच लागत नाही."

"आणि लो म्हणजे?"

"लो म्हणजे तेलात पेट्रोल मिसळलेलं होतं."

"दाखव."

तो नको म्हणत होता. पण त्यांनी दुसऱ्यांदा "दाखव" म्हटलं तेव्हा त्याने भांडं थंड केलं, नवं घासलेट घेतलं, त्यात थोडं पेट्रोल टाकलं आणि न तापवताच ज्योत आत दाखवली. लगेच निळी चमक झाली, आवाजही मघापेक्षा मोठा. हाच आवाज त्यांनी गॅलरीत ऐकला होता.

"म्हणजे स्टो चांगलो होतो," अंबिकाबाई म्हणाल्या.

"स्टोचं काही नाही. ज्याने ते तेल विकलं त्याचं पाप. आता तुम्हाला नीट सांगता येईल लोकांना. तेल वाईट होतं म्हणून सांगा."

पत्र्याचा डबा हातात घेऊन हसत आत येणारा रघू अंबिकाबाईंच्या डोळ्यांपुढे उभा होता. कोर्टाच्या दाराशी राखेसारखा झालेला त्याचा चेहरा त्यांना आता कळला. अहवाल तेलाचा होता; त्याला तो शब्द त्याच दिवशी समजला होता. आणि दोन वर्षं आपण त्याच्या देखत, त्याला ऐकू जाईल अशा आवाजात, तोच शब्द घोकत होतो.

बसमध्ये जयवंतने विचारलं, "काकी, बरं वाटत नाही का?"

"मी आता ता कोणाक सांगूचंय नाय," त्या म्हणाल्या. "तूही सांगू नको."

त्या खरोखर गप्प झाल्या. नळावर कुणी लक्ष्मीचा विषय काढला तर हंडा उचलून निघून जायच्या. मग बकुळा म्हणू लागली, "बघा, म्हातारीचं तोंड बंद झालं. मन खातंय." हेही त्यांच्या कानावर आलं. त्यांनी ते राहू दिलं.

काही आठवड्यांनी रघूच्या लक्षात आलं. रविवारी दुपारी तो जेवायला बसला होता.

"आये, तू हल्ली तो शब्द काढत नाहीस."

"खंयचो?"

"तोच."

"जीभ वळत नाय माझी."

रघूने घास ताटात ठेवला. "तुला कळलं," तो म्हणाला.

"जेव आधी."

"वास आला होता गं. लक्ष्मी म्हणाली होती, उग्र लागतंय, परत दे. मी म्हटलं, आता कुठे त्याला शोधू, पेटतंय ना, झालं." त्याने ताट बाजूला सारलं. "लोक तुला बोलत होते आणि मी ऐकत होतो. रोज वाटायचं, आज सांगू."

अंबिकाबाईंनी त्याच्या पाठीवर आपला सुरकुतलेला, भाजल्याने आखडलेला हात ठेवला. "झिला, घरात चाय होऊची म्हणान तू ता आणलंस," एवढंच त्या म्हणाल्या. त्याहून जास्त त्यांच्याकडे काही नव्हतं, आणि तेवढ्याने त्याचं काही हलकं होणार नाही हे त्यांना कळत होतं.

पुढच्या रविवारी रघूने धुतलेला सदरा घातला. "प्रभादेवीला जातो," तो म्हणाला. अंबिकाबाईंनी दार अडवलं. माझ्यावर आहे ते माझ्यावर राहू दे, माझे किती दिवस उरलेत, असं सगळं बोलून झालं. तो थांबला नाही तेव्हा त्यांनी चपला घातल्या आणि त्याच्याबरोबर निघाल्या.

धोंडू मेस्त्री दारात विडी ओढत बसला होता. दोघांना बघून तो उठला, पण आत या म्हणाला नाही. रघूने उंबऱ्याबाहेर उभं राहूनच सांगितलं. हातगाडी, डबा, लक्ष्मी वासाबद्दल काय म्हणाली होती, सगळं. आत लक्ष्मीची आई धान्य निवडत होती, तिने सूप खाली ठेवलं.

"वास आला होता तुला?" धोंडूने विचारलं.

"आला होता."

"तिने सांगितलं होतं?"

"सांगितलं होतं."

धोंडूची विडी विझून गेली होती. तो अंबिकाबाईंकडे वळला. "विहीणबाई, दोन वर्षं मी तुमचं नाव घेऊन थुंकतोय. आत या. बसा."

रघूला तो काही बोलला नाही.

अंबिकाबाई जागच्या हलल्या नाहीत. "जवसर तो भायर उभो आसा, तवसर मी बसूचंय नाय."

खालच्या गल्लीतून भलत्याच वेळी संयुक्त महाराष्ट्र समितीची पोरं मुंबईच्या घोषणा देत गेली. मग लक्ष्मीची आई पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आली. तिने तो अंबिकाबाईंपुढे धरला नाही, रघूपुढेही धरला नाही. उंबऱ्यावर ठेवला आणि आत गेली. रघूने वाकून तो उचलला, दोन घोट प्यायला आणि आईच्या हातात दिला. धोंडूने ते बघितलं. दार त्याने लावून घेतलं नाही. पण बसा असंही पुन्हा म्हटलं नाही.

पुढे चाळीतही रघूने सांगून टाकलं. बकुळेने ऐकलं आणि दुसऱ्याच दिवशी म्हणाली, "आईला वाचवायला अंगावर घेतो पोर." बऱ्याच जणांना तेच पटलं.

त्या रविवारी मात्र प्रभादेवीहून ते चालतच परतले होते. एल्फिन्स्टनचा पूल चढताना रघू बोलायला लागला. लक्ष्मीला सिद्धिविनायकाला जायचं असलं की ती आदल्या रात्रीच वेणी कशी घालून ठेवायची, चढावर दम लागला की त्याची बाही कशी धरायची. तिचं नाव दोन वर्षांत पहिल्यांदा त्याच्या तोंडून येत होतं. अंबिकाबाई ऐकत त्याच्या डाव्या बाजूने चालत होत्या. मग त्यांच्या ध्यानात आलं की तो सारखा उजवीकडे सरकतोय, आपल्या आणि त्याच्या मध्ये एका माणसाएवढी जागा सोडतोय, आणि बोलताना मान त्या जागेकडे वळवतोय.

त्या मागे राहिल्या, त्याला पुढे जाऊ दिलं, आणि लक्ष्मीची जागा तशीच मोकळी सोडून रस्त्याच्या कडेने त्याच्या दुसऱ्या बाजूला चालू लागल्या.