अकरा ओळींची मनाई

फैजपूरच्या शिवारात बेबाबाईला ओळखत नाही असा माणूस सापडायचा नाही. चाळीस वर्षं केळीत गेलेली बाई. तोंडानं फटकळ, पण कुणाचं झाड वाळताना दिसलं तर बांध ओलांडून पाणी लावून येणारी. सुना म्हणायच्या, "आत्याबाईंना घरात कोंडा, पण हात बाहेर राहू द्या, नाहीतर जीव जायचा."

हेच हात तिला कोर्टात घेऊन गेले.

झालं असं, की शेजारचा मळा महावीरशेठनं विकत घेतला. खताच्या दुकानाचा धनी, शांत माणूस. मोजणीत हद्दीचा घोळ निघाला आणि बेबाबाईच्या बाजूच्या केळीच्या अकरा ओळी कुणाच्या, यावर दावा लागला. कोर्टानं हुकूम दिला: निकाल लागेपर्यंत या अकरा ओळींत बेबाबाईनं शेतीचं कसलंही काम करायचं नाही. वकील ललित पाटलांनी तिला दोनदा समजावून सांगितलं. तिनं मान डोलावली. दोन महिने पाळलंही.

पण केळीला कोर्ट कुठं कळतं? बुडाशी पिलं फुटायची ती फुटलीच. एक पील ठेवून बाकीची वेळेत कापली नाहीत, तर मूळ झाडाचा घड बारका राहतो. येता-जाता ती पिलं बघून बेबाबाई बांधावरच थबकायची. आणि एका सकाळी विळा घेऊन ती शिरलीच. म्हणे, मी गवताला निघाले होते! कुणाला सांगते?

महावीरशेठच्या सालदारानं लांबून फोटो काढला. आठ दिवसांत अर्ज दाखल झाला, कोर्टाचा हुकूम मोडला म्हणून. ललितवकिलांचा चेहरा उतरला. "अक्का, सिद्ध झालं तर तीन महिने कैद होऊ शकते. फोटोत तुमची नुसती पाठ दिसते. ती मी नव्हेच म्हणा."

बेबाबाईची अन्नावरची वासनाच उडाली. आयुष्यात पोलीस चौकीची पायरी चढली नव्हती, आणि आता या वयात तुरुंग. नात लग्नाला आलेली. पाहुणे काय म्हणतील? कोर्टात जाताना एसटीत ती सगळा वेळ 'ती मी नव्हेच' असं मनात घोकत होती.

न्यायाधीशांनी फोटो पुढे केला. "बाई, या तुम्हीच का?"

घोकलेलं सगळं विरलं. "मीच आहे सायेब. हुकूम कळला होता. पन हात ऐकत नही."

ललितवकिलांनी कपाळाला हात लावला. न्यायाधीशांचा आवाज कडक झाला. कोर्टाचा हुकूम आवडीनिवडीवर पाळायचा नसतो, असं म्हणाले. मग त्यांनी महावीरशेठला विचारलं, आपलं काही म्हणणं आहे का.

शेठ उभे राहिले. त्यांनी फोटो हातात घेतला. मग म्हणाले, "साहेब, हा फोटो वादातल्या ओळींचा नाही. मागं विहिरीचा कठडा दिसतो ना, ती विहीर माझी. त्या ओळी माझ्या आहेत."

सगळे चमकले. बेबाबाईसुद्धा.

"माझी मंडळी लाडकुंवर जळगावला दवाखान्यात होती. महिनाभर मी मळ्यात फिरकलो नाही, सालदारानंही लक्ष दिलं नाही. या बाईनं अकरा ओळी कापल्या आणि न थांबता माझ्याही तीन ओळींतली पिलं कापून टाकली. अर्ज दिल्यावर मी फोटो नीट पाहिला. तेव्हाच बोलायला हवं होतं, हिंमत झाली नाही. हुकूम त्यांनी मोडला हे खरं. पण त्यांना कैद होऊ नये, एवढी माझी विनंती आहे."

न्यायाधीशांनी बेबाबाईकडे पाहिलं. "त्यांच्या ओळीत का गेलात?"

"गेले व्हय? मले कळलंच नही. ओळ सुरू झाली की डोळे खाली असतात, सायेब."

हुकूम मोडला तो मोडलाच, असं कोर्टानं लिहिलं. पण सक्त ताकीद देऊन, पुन्हा असं करणार नाही अशी लेखी हमी घेऊन सोडलं. बाहेर आल्यावर बेबाबाईनं महावीरशेठपुढं हात जोडले. भांडणाऱ्यानंच वाचवलं, असला गुण तिनं सख्ख्यातही पाहिला नव्हता. "शेठ, तुमी नसते तं आज मी आत असते. जिवंत हाय तवर इसरणार नही." शेठनं खाली मान घालून चपला शोधल्या.

तिनं हमी पाळली. बांधावर जाताना हात पदरात गुंडाळून जायची.

वर्षभरानं निकाल लागला. अकराच्या अकरा ओळी महावीरशेठच्या ठरल्या. गावाला वाटलं, बाई आता शिव्यांची लाखोली वाहील. तिनं मुलांनाही अपील करू दिलं नाही. म्हणाली, खऱ्याची जीभ आहे त्या माणसाला, जमीन त्याचीच असंल.

ताबा द्यायच्या दिवशी शेठ आणि ती हद्दीवर उभे होते. ओळींत पिलं कमरेएवढी माजली होती. बेबाबाईनं पदरात गुंडाळलेले हात बाहेर काढले. मग आयुष्यात पहिल्यांदाच तिनं या कामाला परवानगी मागितली.

"शेठ, आता रान तुमचं. कापू का?"

"कापा, अक्का," शेठ म्हणाले, आणि चपला काढून तिच्या मागं ओळीत शिरले.