अर्धे बोंबील

काल दादाला सुके बोंबील भाजून वाढले आणि त्या वासासरशी थळच्या घराची ओटी आठवली. त्या दिवशी दादा अणुपाणबुडीवर निघाला होता. त्याच्याच पगारावर मी कॉलेजात फिजिक्स शिकत होते, आमच्या कोळ्याच्या घरातली पहिलीच. त्यामुळे आयेला समजावायचं काम माझ्याकडे आलं.

"अणू फुटले की उष्णता तयार होते, तिच्यावर पाणी उकळतं आणि त्या वाफेवर पाणबुडी चालते. वर्षानुवर्षं डिझेल भरायला लागत नाय."

"नि श्वास?"

"समुद्राच्या पाण्यातूनच प्राणवायू काढतात. प्यायचं पाणीपण."

"मंग वर येतात कशाला?"

"जेवण संपतं म्हणून," दादा म्हणाला.

आयेनं त्याची पिशवी उघडली आणि बांधून दिलेले अर्धे बोंबील परत काढून घेतले.

"आये, चिकट झालीस गं," दादा म्हणाला आणि आम्ही दोघंही हसलो.

पुढे आये गेली तेव्हा तो पाण्याखालीच होता. वर आल्यावरच त्याला कळलं.

काल अर्धे बोंबील खाऊन तो थांबला. मी आग्रह केला, तेव्हा ताट सारत म्हणाला, "नको. मला लवकर वर यायचं होतं."